गणपूर्ती

उपनिबंधकांनी वाचनालयाची इतिवृत्तं मागितलीत,
सुरुवातीपासूनची, कन्नड भाषांतरासह,
पंधरा दिवसांत.

कपाट उघडलं. पहिली चार पानं वाळवीनं नेलीत,
त्यामुळे आमची स्थापना नक्की कुणी केली
हे आता तिलाच ठाऊक.

पाचव्या पानावर सांगली संस्थानचा शिक्का.
पुढं मुंबई राज्य,
मग म्हैसूर, मग कर्नाटक.
शहापुरातली ही खोली वीतभर हलली नाही.
आम्ही याच बाकांवर बसून होतो
आणि राज्यं आमच्यातून इकडून तिकडं गेली,
मागावरून धोटा जातो तशी.

अठ्ठेचाळीस साल, मार्च.
"संस्थान विलीन झाले. चहा झाला.
ठराव तीन: श्रीमंतांच्या वाढदिवसाची शिल्लक वर्गणी
कंदिलाच्या काचेसाठी वापरावी."
चिटणीस दिवटे, हातमागवाले, फार लिहीत नसत.
काच सव्वा रुपयाला आली.
त्या उजेडात मग रात्री अकरापर्यंत वाचत लोक.

पहिल्या निवडणुकीची यादी इथंच टांगली होती.
दिवटे दोन रात्री मोठ्यानं वाचत बसले,
बाहेर गल्लीभर माणसं, कान देऊन.
चंपाबाई साळी कांड्या भरायचं सोडून आली.
यादीत ती "तुकारामची बायको".
म्हणाली, खोडा हे, माझं नाव घाला.
सरकारची यादी आहे बाई, खोडता येत नाही.
मग तुमच्या वहीत तरी घाला की!
पान एकोणपन्नास, समासात, तिरपं:
चंपाबाई साळी.
कशाबद्दल, ते लिहिलेलं नाही.

आणि नोव्हेंबर छप्पन्न.
विशेष सभा, वेळ रात्री नऊ.
विषय एकच: हा मुलूख म्हैसुरात गेला
त्याचा निषेध.
घटनेप्रमाणे गणपूर्ती सात.
आले सहा.
सातवे तवनाप्पा बस्तवाडे, खजिनदार.
ते घरात कन्नड बोलत, दुकानात मराठी,
आणि हिशोब कुठल्या भाषेत करत
ते कुणी विचारलं नव्हतं तोवर.
साडेनऊला ते आले.
छत्री कोपऱ्यात ठेवली. बसले.
ठराव वाचला गेला.
म्हणाले, मला मान्य नाही, लिहून घ्या.
लिहून घेतलं.
कुणीतरी म्हणालं, मग आलात कशाला?
ते म्हणाले, मी नसतो तर तुमची सभा झाली असती का?

"अनुकूल सहा. विरोधी एक. ठराव संमत."
खाली सात सह्या.
सातवी कन्नडात, गोल गोल,
शेवटच्या अक्षरावर शाई जरा फुटलेली.
पुढच्या पानावर, त्याच आठवड्यात,
त्यांनीच मांडलेला रॉकेलचा हिशोब.
एक आणा कमी पडला होता. पदरचा घातला.

मी कितीदा वाचलंय हे पान.
त्यानंतर या गावात काय काय झालं,
कोणत्या पाट्यांवर डांबर, कुणाच्या दुकानांवर दगड,
ते माझ्याही डोक्यात आहे,
वहीत नाही.
वहीत त्या वर्षांत "सभा तहकूब" आहे,
सतरा वेळा, गणपूर्तीअभावी.

आज कोर्टाजवळच्या टायपिस्टकडं गेले.
शंकरव्वा नाव तिचं, तिशीची असेल,
पानाला चाळीस रुपये.
भराभर टाइप करत होती.
सातव्या सहीपाशी थांबली, मान वाकडी करून वाचली,
हसली.
"हे तर आमचंच आहे की अक्का. याचे पैसे नकोत."

मग पान एकोणपन्नास.
"हे समासातलं कुठं घालू?
याला नंबर नाही, विषय नाही.
सोडून देऊ?"

बाहेर वकील, झेरॉक्सवाले, चहाची किटली.
मी म्हटलं, नाही बाई,
तिरपं जमत नसलं तर सरळ घाला,
पण घाला.
तिनं चष्मा वर सरकवला
आणि विचारलं, साळी हे आडनाव
ऱ्हस्व का दीर्घ?